छायालेखकाचा कान

फ्रान्समध्ये चित्रपटविद्या शिकणाऱ्या तरुणास छायालेखन आणि ध्वनिलेखन यांपैकी बहुधा एकाचीच निवड करावी लागते. १९२६ साली स्थापन झालेल्या व आज लुई ल्युमिएर यांच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या राष्ट्रीय विद्यालयात चित्रपट, छायाचित्रण व ध्वनी या शाखा स्वतंत्र आहेत. म्हणून एखादा उदयोन्मुख छायालेखक ध्वनीचेही काम करू लागला, की ती केवळ उपजीविकेची सोय वाटते. वस्तुतः त्यास दोन्ही कामांतून एक महत्त्वाचे तत्त्व उमगते : डोळ्याचे स्थान आणि कानाचे स्थान एकच असले पाहिजे असे नाही.

या तत्त्वामागे यंत्रांचा इतिहास आहे. कॅमेरा चालताना खडखडतो. तो आवाज मायक्रोफोनमध्ये शिरू नये म्हणून कॅमेऱ्यास जड आवरण घालीत व तो तिपाईवर ठेवीत. साहजिकच बोलणाऱ्या माणसालाच यंत्रापाशी यावे लागे. १९६० च्या सुमारास आंद्रे कूताँ यांनी एक्लेर कंपनीसाठी हलका, कमी आवाजाचा १६ मिलिमीटरचा कॅमेरा सिद्ध केला. स्टेफान कुडेल्स्की यांचे बॅटरीवर चालणारे 'नाग्रा' हे ध्वनिमुद्रण यंत्रही खांद्यावर वाहून नेता येई. आता यंत्रेच माणसामागे जाऊ शकली.

१९६० च्या उन्हाळ्यात मानववंशशास्त्रज्ञ झाँ रूश व समाजशास्त्रज्ञ एदगार मोरँ यांनी पॅरिसमध्ये एका चित्रपटाचे चित्रण केले. 'एका उन्हाळ्याचा वृत्तांत' अशा अर्थाच्या नावाने तो १९६१ साली प्रदर्शित झाला. त्यात मार्सेलीन लोरिदाँ ही तरुणी ध्वनिमुद्रण यंत्र स्वतःच जवळ बाळगून, छातीशी लहानसा मायक्रोफोन लावून, ले आल या बाजाराच्या लोखंडी कमानींखालून एकटीच चालते. १९४४ साली तिला वडिलांसह नाझी छळछावणीत नेण्यात आले होते. वडील परतले नाहीत. चालता चालता ती त्यांनाच उद्देशून, द्वितीय पुरुषात, हलक्या स्वरात बोलते. कॅमेरा तिच्यापुढे एका लहान मोटारीत आहे. ती काय बोलत आहे, हे त्या क्षणी चित्रण करणाऱ्यांना ऐकू येत नाही.

मोटार पुढे जाते, अंतर वाढते, तिची आकृती लहान होत जाते. आवाज मात्र तितकाच निकट राहतो. ध्वनिलेखक सोबत चालत असता, तर ते शब्द अशा रीतीने उच्चारले गेले असते काय, याची शंका वाटते. ज्याला उद्देशून बोलायचे तो समोर नाही आणि तिऱ्हाईत ऐकणाराही जवळ नाही, म्हणूनच ते संबोधन शक्य झाले. पुढे लोरिदाँ यांनी स्वतः ध्वनिलेखन केले. योरिस इव्हेन्स यांच्यासह व्हिएतनाममध्ये घेतलेल्या व १९६८ साली प्रदर्शित झालेल्या चित्रपटाचा ध्वनी त्यांचाच होय.

भाषेच्या अभ्यासकास यातून बोध घेण्याजोगा आहे. बोलीचे नमुने गोळा करताना आपण यंत्र कोठे ठेवतो व स्वतः कोठे बसतो, यावर वक्ता कोणाशी बोलतो हे ठरते. आणि त्यावरून तो काय बोलतो तेही ठरते. केव्हा जवळ जावे व केव्हा यंत्र वक्त्याच्या स्वाधीन करून दूर व्हावे, हा विवेक छायालेखकाइतकाच आपणासही हवा.