पालिकेनं भाजी उचलली, एफडीएनं खवा जप्त केला. माल नासायच्या आत काय करायचं?

कराडला किंवा विट्याला सकाळी मेथी-कोथिंबीर घेऊन रस्त्याकडेला बसलेल्या बाईची पाटी पालिकेच्या गाडीत गेली, की ती हात हलवत घरी येते. दोन दिवसांनी चौकशीला जावं तर भाजी काळी पडलेली. खरं तर कायद्यानं तिला त्याच दिवशी माल परत मिळू शकतो.

२०१४ च्या पथविक्रेता कायद्यातलं कलम १९ यासाठीच आहे. माल जप्त करताना अधिकाऱ्यानं यादी करायची आणि सही करून विक्रेत्याच्या हातात प्रत द्यायची. विक्रेत्यानं माल परत मागितला तर ठरलेलं शुल्क घेऊन नाशवंत माल त्याच दिवशी सोडायचा. भांडी, कपडे असा न नासणारा माल असेल तर दोन कामाच्या दिवसांत. इथं मेख अशी की हा दिवस मागणी केल्यापासून धरतात. म्हणून गाडीमागं पळत भांडण्यापेक्षा दोन ओळींचा अर्ज लिहून पालिकेच्या आवक-जावक टेबलावर द्यावा आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्का व वेळ घ्यावी. शुल्क भरलं की पावती घ्यायचीच. बिनपावतीचे पैसे म्हणजे पुढं पुरावाच नाही.

विक्री प्रमाणपत्र असेल तर बाजू भक्कम राहते. कधीमधी पाटी घेऊन येणाऱ्या शेतकऱ्याकडं ते नसतं आणि पालिका त्यावरच बोट ठेवते. तरी यादी त्यानंही मागावीच. हा कायदा महापालिका, नगरपरिषद, नगरपंचायतीपुरता आहे. ग्रामपंचायतीच्या आठवडा बाजाराला तो लागत नाही.

दूध, खवा, पनीर यांचं प्रकरण वेगळं. तिथं अन्न सुरक्षा कायदा २००६ लागतो. कलम ३८ खाली अधिकारी माल जप्त करू शकतो किंवा नमुना घेऊन माल व्यावसायिकाच्याच ताब्यात ठेवू शकतो. त्यासाठी मालाच्या किमतीइतका बॉण्ड आणि जामीनदार मागितला जातो. ज्याच्याकडं शीतगृह किंवा बल्क कूलर आहे त्यानं ही विनंती जागेवरच लेखी करावी. माल नासून खाण्याजोगा राहिला नाही तर तो नष्ट करता येतो, पण आधी लेखी नोटीस द्यावी लागते. "ओतून टाका" असं नुसतं तोंडी सांगून चालत नाही.

नमुन्याचे चार भाग होतात. चौथा भाग मान्यताप्राप्त प्रयोगशाळेकडं पाठवा असं व्यावसायिक सांगू शकतो; खर्च त्याचा. हे नमुना घेतानाच बोलायचं असतं आणि नेमकं तिथंच घाबरून लोक गप्प बसतात. सरकारी विश्लेषकानं १४ दिवसांत अहवाल द्यायचा असतो. तो पटला नाही तर हातात पडल्यापासून ३० दिवसांत जिल्ह्याच्या पदनिर्देशित अधिकाऱ्याकडं, म्हणजे सहायक आयुक्त (अन्न) यांच्याकडं अपील करता येतं.

काही कारण नसताना त्रास द्यायला जप्ती केली असेल तर कलम ३९ नुसार अधिकाऱ्यालाच एक लाखापर्यंत दंड होऊ शकतो. मात्र तक्रार खोटी ठरली तर तक्रारदाराला किमान पन्नास हजारांचा दंड आहे. रागाच्या भरात हा अर्ज करू नये.

माल पोलिसांनी गाडीसकट धरला असेल तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडं अर्ज करावा लागतो. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ नुसार लवकर नासणारा माल विकायचा किंवा त्याची विल्हेवाट लावायचा आदेश कोर्ट देऊ शकतं. जप्त वस्तू पोलीस ठाण्यात गरजेपेक्षा जास्त दिवस पडू नयेत, असं सर्वोच्च न्यायालयानं २००२ मध्येच सुंदरभाई देसाई प्रकरणात सांगितलंय.

खाली कुठंच दाद लागली नाही तर उच्च न्यायालय. त्यासाठी आता मुंबई गाठायची गरज नाही. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालंय आणि सातारा-सांगली त्याच्याच कक्षेत येतात. वकिलाची फी परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडं जावं. महिला आणि अनुसूचित जाती-जमातीच्या लोकांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. मदतीचा नंबर १५१००.