पाण्याने उचललेला जवान

उंब्रजला तारळी नदी कृष्णेला मिळते. नदीकाठच्या आपल्या गावांत पोहण्याची शाळा नसते. पाठीला वाळका भोपळा बांधायचा, थोरल्या भावाने डोहात ढकलायचे, नि पोराने हातपाय मारीत काठ गाठायचा, अशी जुनी रीत. पण ज्याचे कमरेखालचे अंगच लुळे पडले आहे, त्याने काठ कसा गाठावा?

या प्रश्नाचे उत्तर देणारा माणूस याच मुलखातला आहे. उंब्रजहून हमरस्त्याने दक्षिणेकडे निघाले की आधी कऱ्हाड लागते. तिथून जवळच खाशाबा जाधवांचे गोळेश्वर. आणखी पुढे सांगली जिल्ह्यात पेठ. तेव्हाच्या पेठ-इस्लामपूरला १९४४ साली मुरलीकांत पेटकरांचा जन्म झाला. तालमीची माती अंगाला लागलेला हा मुलगा सैन्यात गेला, यंत्रदुरुस्तीचे काम पाहणाऱ्या ईएमई दलात कारागीर झाला आणि तिथे मुष्टियोद्धा म्हणून नावारूपाला आला. १९६४ साली टोकियोच्या सैनिकी क्रीडास्पर्धांपर्यंत त्याने मजल मारली.

पुढच्याच वर्षी पाकिस्तानशी युद्ध जुंपले. सियालकोट आघाडीवर पेटकरांच्या अंगात गोळ्या घुसल्या. त्यांतली एक पाठीच्या कण्यात कायमची राहिली. जीव वाचला, पण ज्या पायांवर मुष्टियोद्धा नाचतो, ते पाय गेले. वय होते अवघे वीस!

मुंबईच्या 'अश्विनी' या नौदलाच्या रुग्णालयात त्यांना उपचार म्हणून पाण्यात उतरवले गेले. यातले मर्म साधे आहे. जमिनीवर निर्जीव पायांचे ओझे खांद्यांना वाहावे लागते. पाण्यात ते पाणीच उचलते. मुष्टियोद्ध्याचे दंड नि छाती तर शाबूत होतीच. जे औषध म्हणून घेतले, त्याचा ध्यास लागला.

अशा जखमी सैनिकांसाठी इंग्लंडात डॉ. लुडविग गुटमान यांनी १९४८ सालीच खेळ सुरू केले होते. नाझी जर्मनीतून परागंदा झालेला हा डॉक्टर. कणा मोडलेल्या सैनिकाला खाटेवर पडू देऊ नका, त्याला खेळवा, हा त्यांचा आग्रह. त्या रोपट्याचा वृक्ष म्हणजे आजचे पॅरालिम्पिक. १९६८ साली तेल अवीवला पेटकर टेबल टेनिस खेळले. क्रिकेटपटू विजय मर्चंट यांच्या संस्थेने अशा खेळाडूंच्या पाठीशी उभे राहून परदेशप्रवासाची वाट सोपी केली.

मग १९७२ चा ऑगस्ट उजाडला. म्युनिक ऑलिंपिकच्या थोडे आधी त्याच जर्मनीत, हायडेलबर्गला, अपंगांचे ऑलिंपिक भरले. ५० मीटर मुक्त शैलीच्या शर्यतीत पेटकरांनी ३७.३३ सेकंदांत भिंत गाठली. सुवर्णपदक, आणि वर जागतिक विक्रम! ऑलिंपिक वा पॅरालिम्पिकमध्ये भारतीयाने मिळवलेले हे पहिले वैयक्तिक सुवर्ण. ऑलिंपिकमधल्या तशा सोन्यासाठी देशाला २००८ पर्यंत, अभिनव बिंद्रापर्यंत, थांबावे लागले.

आता वाचकहो, मिरवणूक निघाली असेल असे तुम्हांस वाटेल. पण पेटकर पुण्यास टेल्कोत नोकरी करीत राहिले आणि देश त्यांना विसरला. १९८२ साली अर्जुन पुरस्कारासाठी केलेला अर्ज नाकारला गेला. 'पद्मश्री' आली २०१८ साली. सोन्यानंतर ४६ वर्षांनी. २०२४ साली 'चंदू चॅम्पियन' हा चित्रपट निघाला, तेव्हा घरोघरी नाव पोचले. जीवनगौरवाचा अर्जुन पुरस्कार हाती पडला २०२५ च्या जानेवारीत, वयाच्या ऐंशीव्या वर्षी. त्यातल्या त्यात समाधान एवढेच, की तो त्यांनी स्वतःच्या हातांनी घेतला. हेलसिंकीत १९५२ साली कांस्यपदक मिळवणाऱ्या शेजारच्या खाशाबांना हाच पुरस्कार मिळाला तो मरणोत्तर.

पुरस्कार सरकारने द्यायचे. पण एक गोष्ट आपल्या हातची आहे. आपल्या नात्यागोत्यात, आळीत एखादे पाय अधू असलेले पोर असतेच. दिवाळीत त्याला ओट्यावर बसवून फुलबाजी हातात देतो नि आपण मोकळे होतो. सुटी सरायच्या आत, डॉक्टरांना विचारून नि जाणत्याला सोबत घेऊन, त्याला एकदा पाण्यात उतरवून पाहा. ते पदक आणील की नाही, हा प्रश्नच नव्हे. आपले अंग हलके होऊ शकते, हे तरी त्याला कळेल.