चिकाचे हात

फेब्रुवारी-मार्चात सावंतवाडीच्या बाजारात ओले काजूगर येतात. भाव शेकड्याचा, आणि घासाघीस ठरलेली. गिऱ्हाईक गर निरखून बघतं, पण ते मोजून देणाऱ्या बोटांकडे क्वचितच कोणाची नजर जाते. ती जायला हवी, असं मला फार वाटतं.

ओळखीच्या एका काकींच्या पडवीत मी बिया चिरायला बसलो. "आदी त्याल लाव हाताक, मगे बी धर," त्यांनी बजावलं. खोबरेल कोपरापर्यंत चोपडायचं. हिरवी बी डाव्या अंगठ्यात आणि तर्जनीत धरायची, उजव्या हातातल्या सुरीने उभी चिरायची आणि टोकदार काडीने गर अख्खा उचलायचा. मोडला तर शेकड्यात धरत नाहीत. सुरी टरफलात शिरली की चीक उडतो, तो बी धरलेल्या बोटांवर. म्हणून काकींचा डावा हात उजव्यापेक्षा काळा. अंगठ्याच्या पेरावर कातडी आधी तपकिरी पडते, मग काळी, मग पापुद्रा सुटतो. खालच्या गुलाबी कातडीवर दुसऱ्या दिवशी पुन्हा चीक.

काजू, आंबा आणि बिबा एकाच कुळातले. बिबा उतला की अंगाचं काय होतं हे घरोघरी माहीत आहे. काजूच्या टरफलातलं तेलही त्याच जातीचं दाहक. गाड्यांच्या ब्रेकला आणि रंगांना ते लागतं, त्यामुळे त्यालाही गिऱ्हाईक आहे.

कारखान्यात तर हातांवरून काम ओळखता येतं. उकडलेली बी पायाच्या यंत्रावर कापणाऱ्या बायकांची बोटं काळी. भट्टीत वाळलेल्या गराची साल काढणाऱ्यांची स्वच्छ. कापणाऱ्या मोजे का घालत नाहीत? मजुरी किलोवर. जाड मोज्यात बी नीट धरता येत नाही, हात मंदावतो आणि गरही जास्त फुटतो. हातात बसणारे पातळ, टिकाऊ मोजे पुरवणं हा मालकाचा खर्च असायला हवा, बायकांचा नव्हे.

रेशनच्या दुकानात हंगामभर काकींचा अंगठा यंत्रावर उमटत नाही. रेषा झिजलेल्या असतात. दुकानदार एकेक बोट लावून बघायला सांगतो आणि शेवटी उजवी करंगळी चालते. नवा माणूस गल्ल्यावर असला, तर त्याला हे आधी समजावावं लागतं, नाहीतर खेप फुकट.