२८,८०० वर्षे राज्य करणारा राजा

ऑक्सफर्डच्या अ‍ॅश्मोलियन संग्रहालयात मातीचा एक चौकोनी ठोकळा आहे. उंची जेमतेम २० सेंटिमीटर. चारही अंगांवर कीलाकार लिपीचे दोन-दोन रकाने गच्च भरलेले आणि मधोमध आरपार भोक. दांडीवर बसवून तो फिरवत वाचत असावेत. इ.स.पू. १८०० च्या सुमाराचा हा ठोकळा म्हणजे सुमेरी राजावलीची सर्वांत भरघोस प्रत.

राजपद स्वर्गातून प्रथम उतरले ते दक्षिण इराकमधील एरिदू नगरीत, असे ही राजावली सांगते. तिथला पहिला राजा अलुलिम. त्याची कारकीर्द २८,८०० वर्षांची! बाद-तिबिराच्या एन्मेनलुअन्नाने तर ४३,२०० वर्षे राज्य केले. जलप्रलयापूर्वी पाच नगरांत आठ राजे झाले. त्यांच्या वर्षांची बेरीज भरते २,४१,२००.

हे आकडे उगाच फेकलेले नाहीत. सुमेरी लोक साठाच्या पटीत मोजत. साठ गुणिले साठ, म्हणजे ३,६०० चा एक ‘सार’. अलुलिमचे राज्य बरोबर ८ सारांचे, एन्मेनलुअन्नाचे १२ आणि एकूण बेरीज ६७ सार. आपल्या तासाची ६० मिनिटे हा त्याच मोजणीचा वारसा.

प्रलयानंतर राजपद किश नगरीत पुन्हा उतरते आणि कारकिर्दी आखडू लागतात. इथे स्वर्गात चढून गेलेला मेंढपाळ एताना भेटतो, आधी मद्यालय चालवणारी राणी कुबाबाही भेटते. उरुकच्या गिल्गमेशाच्या वाट्याला १२६ वर्षे येतात. किशच्या एन्मेबारागेसीला यादी ९०० वर्षे देते. पण त्याचे नाव कोरलेले दगडी भांड्यांचे तुकडे खरोखर सापडले आहेत. राजा खरा, वर्षे मात्र दंतकथेतली.

यादीचा दावा असा, की राजपद एका वेळी एकाच नगराचे. ते नगर युद्धात हरले की राजपद दुसरीकडे जाते. प्रत्यक्षात अनेक नगरे एकाच काळी नांदत होती. स्वतःचे विपुल शिलालेख मागे ठेवणाऱ्या लगशला तर यादीत जागाच नाही.

अलुलिमपासून निघालेली ही माळ ठोकळ्यावर ईसिनच्या सिन-मागिरपाशी संपते. त्याच्या नावापुढे आकडा आहे ११. वर्षे माणसाच्या मापाची झाली, पण स्वर्गातून उतरलेले राजपद हात बदलत ईसिनला पोहोचले, एवढे सांगून झाले होते.