लांब नाकाच्या प्राण्याचं लांब पायांचं नाव

रात्री उशिरा पहाडगंजच्या मेन बझारमधली शटर खाली येतात, ढाब्यांमधली भांडी घासून होतात आणि गटाराच्या कडेनं, भिंतीला अंग घासत एक राखाडी प्राणी चिरचिरत पळतो. नवी दिल्ली स्टेशनवरून बॅगा ओढत आलेला पाहुणा ‘उंदीर!’ म्हणून बाजूला होतो. हॉटेलच्या काउंटरवरचा पोरगा मान वर न करता सांगतो, ‘चूहा नहीं, छछूंदर है.’ याच वस्तीत बृहन्महाराष्ट्र भवन आहे, नूतन मराठी शाळा आहे. त्यामुळे हाच प्राणी इथं ‘चिचुंद्री’ या नावानंही ओळखीचा आहे.

प्राणिशास्त्राच्या दृष्टीनं काउंटरवरच्या पोराला पैकीच्या पैकी गुण द्यायला हवेत. उंदीर कुरतडणारा, चिचुंद्री मुख्यतः किडे खाणारी. उंदराचे पुढचे दात आयुष्यभर वाढत राहतात, चिचुंद्रीला तशी सोय नाही. निमुळतं लांब तोंड, टाचणीच्या डोक्याएवढे डोळे आणि कुशीतल्या ग्रंथींमधून येणारा कस्तुरीसारखा उग्र दर्प ही तिची ओळखपत्रं. झुरळं फस्त करणाऱ्या या प्राण्याला सरसकट उंदरांच्या पिंजऱ्यात धाडलं जातं, हा तिच्यावरचा जुना अन्याय आहे. तो अन्याय शास्त्रीय नावातही शिरला. लिनियसनं १७६६ साली तिला ‘सोरेक्स म्युरिनस’ म्हटलं. म्युरिनस म्हणजे उंदरासारखी. आज तिची प्रजाती बदलून ‘सन्कस’ झाली, पण ‘म्युरिनस’ शेपटासारखं मागे चिकटून राहिलं.

या चिचुंद्रीच्या नावानं ओळखला जाणारा एक प्राणी आफ्रिकेत आहे. इंग्रजीत त्याला एलिफंट श्रू म्हणतात, म्हणजे हत्तीचिचुंद्री. तोंडाच्या टोकाला सोंडेसारखं लवचिक, सतत हलणारं नाक. मोठे पाणीदार डोळे, मोठे कान आणि काटकुळे लांब मागचे पाय. तो भारतात कुठेही सापडत नाही. त्याचं घर म्हणजे आफ्रिका: नामिबियाच्या खडकाळ वाळवंटापासून टांझानियाच्या दमट डोंगरी जंगलांपर्यंत, आणि सहारा ओलांडून मोरोक्को-अल्जीरियापर्यंत. पश्चिम आफ्रिकेत मात्र तो नाही. आज त्याच्या सुमारे वीस जाती मानल्या जातात.

या सगळ्यांना एकत्र बांधणारी शास्त्रीय संज्ञा आहे ‘मॅक्रोसेलिडिया’. ग्रीक भाषेत ‘मॅक्रोस’ म्हणजे लांब, ‘स्केलोस’ म्हणजे पाय. थोडक्यात, लांब पायांचे. ज्याच्या नाकाकडे पाहून सगळी दुनिया थक्क होते, त्याचं शास्त्रीय नाव पायांवरून पडलं.

ते असं झालं. ब्रिटिश म्युझियममध्ये काम करणाऱ्या जॉर्ज शॉनं १८०० साली दक्षिण आफ्रिकेतल्या एका नमुन्याचं बारसं केलं. त्याला तो चिचुंद्रीच वाटला, म्हणून प्रजाती ‘सोरेक्स’ आणि जातीचं नाव ‘प्रोबोसिडियस’, म्हणजे सोंडवाला. पुढे केपमध्ये असलेल्या अँड्र्यू स्मिथ या स्कॉटिश लष्करी डॉक्टरनं १८२९ मध्ये त्याला चिचुंद्र्यांतून बाहेर काढून स्वतंत्र प्रजाती दिली: ‘मॅक्रोसेलिडिस’. दोन्ही नावं जोडली गेली आणि ‘मॅक्रोसेलिडिस प्रोबोसिडियस’ असा लांब पायांचा सोंडवाला तयार झाला. नेपोलियनचा पुतण्या शार्ल ल्यूसियाँ बोनापार्ट हा पक्का प्राणिशास्त्रज्ञ होता. त्यानं १८३८ साली या प्रजातीवरून कुलाचं नाव घडवलं, ‘मॅक्रोसेलिडिडी’. त्यातला ‘डिडी’ ही छपाईची चूक नाही. प्राण्यांच्या कुलांची नावं ‘इडी’नं संपवायची असा नियम आहे, आणि मूळ शब्दाच्या शेवटी ‘ड’ आधीच होता.

कुल, प्रजाती आणि जाती यांची नावं प्राणिनामकरणाच्या आंतरराष्ट्रीय संहितेनं बांधलेली असतात. कोणतं नाव आधीचं, कोणता नमुना प्रमाण, सगळ्याला कलमं आहेत. त्याच्या वरची पायरी म्हणजे गण. गणाच्या नावावर ही संहिता चालत नाही. तिथं रूढी चालते, अभ्यासकांचं एकमत चालतं आणि कधी कधी निव्वळ सवय चालते. ‘मॅक्रोसेलिडिया’ हे गणाचं नाव आहे. पर्सी बटलर या ब्रिटिश अभ्यासकानं १९५६ मध्ये या प्राण्यांना स्वतंत्र गणाचा दर्जा दिला तेव्हापासून ते चालत आलं. वापरताना भेद असा: ‘मॅक्रोसेलिडियन’ म्हटलं की गणातला कोणताही, कोट्यवधी वर्षांपूर्वीचा जीवाश्मसुद्धा, ‘मॅक्रोसेलिडिड’ म्हटलं की त्या एका कुलातला.

मधल्या शंभरेक वर्षांत या प्राण्याला किती घरं फिरावी लागली, ते पाहिलं की या नावाचं मोल कळतं.

एकोणिसाव्या शतकात किडे खाणारे छोटे सस्तन प्राणी ‘इन्सेक्टिव्होरा’ नावाच्या एका मोठ्या पोत्यात टाकले जात. चिचुंद्री, हेजहॉग, मोल, मादागास्करचे टेनरेक, सगळे तिथंच. लहान आहे आणि किडे खातो, एवढ्यावर प्रवेश. १८६४ मध्ये विल्हेल्म पीटर्सच्या लक्षात आलं की यातल्या काहींच्या पोटात अंधनाल असते आणि काहींच्या नसते. अंधनाल म्हणजे लहान आणि मोठं आतडं जुळतं तिथली, एका बाजूनं बंद असलेली पिशवी. दोन वर्षांनी एर्न्स्ट हेकेलनं त्यावरून दोन नावं पाडली. ज्यांची अंधनाल राहिली ते ‘मेनोटिफ्ला’, ज्यांची गेली ते ‘लिपोटिफ्ला’. आपली चिचुंद्री दुसऱ्या गटात गेली. हत्तीचिचुंद्री पहिल्यात, आणि तिच्या जोडीला आले आशियातले वृक्षचिचुंद्र.

इथं या कथेत भारत येतो. द्वीपकल्पीय भारतातल्या जंगलांत खारीसारखा दिसणारा एक वृक्षचिचुंद्र राहतो. इंग्रज प्राणिशास्त्रज्ञ वॉटरहाउस यांनी एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर त्याचं वर्णन केलं आणि मद्रास इलाख्यातले अधिकारी व निसर्गअभ्यासक वॉल्टर इलियट यांचं नाव त्याला दिलं. १९१३ मध्ये त्याला स्वतंत्र प्रजाती मिळाली, ‘अनाथाना’. शब्द वाचून मराठी माणसाला अनाथ आठवतो, पण तो आलाय तमिळ ‘मूंगिल अनथान’वरून, म्हणजे बांबूतली खार. हेकेलच्या हिशेबानं हा आंध्र-तमिळनाडूच्या टेकड्यांमधला प्राणी आणि केनियातली हत्तीचिचुंद्री सख्खे शेजारी ठरले. आज त्या शेजाराला कुणी मानत नाही. वृक्षचिचुंद्रांचा स्वतंत्र गण झाला, तोही माकडांच्या आणि माणसाच्या बऱ्यापैकी जवळचा. ‘मेनोटिफ्ला’ हा शब्द आता विज्ञानाच्या इतिहासातच भेटतो.

मग तर्क आणखी फिरले. १९७५ मध्ये माल्कम मॅकेना यांनी दात आणि कवटीच्या रचनेवरून हत्तीचिचुंद्रीला सशांच्या जवळ नेऊन बसवलं. जीवाश्मांनीही कमी गोंधळ घातला नव्हता. केनियात सापडलेल्या ‘मायोहायरॅक्स’ नावाच्या प्राण्याला १९१४ मध्ये त्याच्या गवत चावणाऱ्या उंच दातांमुळे हायरॅक्स या शाकाहारी सस्तन प्राण्यांच्या गटातला समजलं गेलं आणि नावात तशी नोंदही झाली. तो शाकाहारी हत्तीचिचुंद्र होता, हे पुढे कित्येक दशकांनी मान्य झालं. नाव मात्र कायद्यानं तेच राहिलं.

एवढ्या धावपळीत ‘मॅक्रोसेलिडिया’ टिकलं, याचं कारण त्या नावानं फारसं काही कबूलच केलं नव्हतं. इन्सेक्टिव्होरा म्हणताना आहारावरून नातं जोडलं गेलं, मेनोटिफ्ला म्हणताना आतड्यावरून. नातं चुकलं की नाव कोसळलं. लांब पाय मात्र कुणाचेही नातेवाईक असले तरी लांबच असतात.

आणि या पायांवर या प्राण्याचं सगळं जगणं उभं आहे. पूर्व आफ्रिकेतली तांबूस हत्तीचिचुंद्री झुडपांखाली स्वतःच्या पायवाटा तयार करते. रोज त्या वाटांवरून फिरते आणि पुढच्या पायाच्या फटकाऱ्यानं वाळकी पानं, काड्या बाजूला उडवते. घुबड किंवा साप आला तर या झाडलेल्या वाटेवरून ती सुसाट निघते. वाटेत एक काडी आडवी असणंसुद्धा जिवावर बेतू शकतं. अमेरिकन प्राणिशास्त्रज्ञ गेलन रॅथबन यांनी १९७०च्या दशकात केनियात राहून हे बारकाईनं टिपलं. नर-मादी एकाच जोडीदाराबरोबर राहतात, हे सस्तन प्राण्यांत दुर्मीळ असलेलं वर्तनही त्यांनी नोंदवलं. अर्थात जोडी असली तरी संसार एकत्र नसतो. दोघं बहुतेक वेळ आपापले फिरतात. पिलं एक किंवा दोन, जन्मतःच अंगावर केस, डोळे उघडे आणि थोड्याच वेळात पळायला तयार. पहाडगंजच्या चिचुंद्रीची पिलं याउलट उघडी आणि आंधळी जन्मतात. थोडी मोठी झाली की एकमेकांचं शेपटाकडचं अंग तोंडात धरून आईमागे आगगाडीसारखी चालतात.

नात्याचा निकाल शेवटी रेणूंनी लावला. १९९३ मध्ये डच शास्त्रज्ञ डे याँग आणि सहकाऱ्यांनी डोळ्याच्या भिंगातल्या प्रथिनांची तुलना केली आणि त्यात हत्तीचिचुंद्रीचं माप हत्ती, हायरॅक्स आणि समुद्रगाय यांच्याशी जुळलं. निष्कर्ष इतका विचित्र वाटत होता की शोधनिबंधाच्या शीर्षकाला त्यांनी प्रश्नचिन्ह लावलं. १९९७ मध्ये मार्क स्प्रिंगर आणि सहकाऱ्यांनी डीएनएच्या आधारे तेच सांगितलं आणि पुढच्याच वर्षी या गोतावळ्याला नाव मिळालं: ‘आफ्रोथेरिया’, आफ्रिकेतले पशू. यात हत्ती, समुद्रगायी, हायरॅक्स, आर्डवार्क, टेनरेक, गोल्डन मोल आणि हत्तीचिचुंद्री. आफ्रिका कोट्यवधी वर्षं इतर खंडांपासून तुटलेली होती, त्या एकांतात हे सगळे एका पूर्वजापासून फुटले. एकदा हे कळल्यावर शरीरातल्या खुणाही दिसू लागल्या. हत्तीप्रमाणेच हत्तीचिचुंद्रीचेही वृषण पोटाबाहेर येत नाहीत, आणि या गटातल्या अनेकांचे कायमचे दात फार उशिरा पूर्ण येतात.

म्हणजे लोकांनी नाव ठेवलं हत्तीचिचुंद्री. त्यातली चिचुंद्री खोटी निघाली आणि हत्ती खरा. शॉनं १८०० साली ‘प्रोबोसिडियस’ लिहिलं तेव्हा हत्तींच्या ‘प्रोबोसिडिया’ या गणाचं नावही अस्तित्वात आलेलं नव्हतं. इलिगरनं ते १८११ मध्ये दिलं. हा योगायोग फार ताणू नये, हे खरं. हत्तीची सोंड आणि या प्राण्याचं नाक एकमेकांपासून आलेलं नाही, ती दोन स्वतंत्र उत्क्रांतीची फळं आहेत. शिवाय आफ्रोथेरियातही हत्तीचिचुंद्री टेनरेक आणि आर्डवार्कच्या जास्त जवळची, हत्ती थोडा दूरचा. तरीही पहाडगंजमध्ये बसून तिचा नातलग शोधायचा तर गटाराकडे बघण्यात अर्थ नाही. पुराना किल्ल्याला लागून असलेल्या प्राणिसंग्रहालयाकडे रिक्षा वळवावी. झिंबाब्वेनं भेट दिलेला शंकर नावाचा आफ्रिकी हत्ती १९९८ पासून तिथं होता. सप्टेंबर २०२५ मध्ये तो गेला. भारतात रानात राहणारे आफ्रोथेरियातले प्राणी दोनच: आपला हत्ती आणि कच्छच्या आखातात, पाल्कच्या सामुद्रधुनीत व अंदमानच्या किनाऱ्यावर चरणारी समुद्रगाय, म्हणजे ड्यूगाँग.

नातं कळल्यावर अभ्यासकांना ‘श्रू’ हा शब्द खुपू लागला. १९९७ मध्ये जोनाथन किंग्डन यांनी आफ्रिकी सस्तन प्राण्यांच्या आपल्या मार्गदर्शक पुस्तकात ‘सेंगी’ हा शब्द सुचवला. तो पूर्व आफ्रिकेतल्या बांटू भाषांमधल्या नावांवरून घेतलेला आहे. आज शोधनिबंधांत गणाला मॅक्रोसेलिडिया आणि बोलताना सेंगी अशी वाटणी बऱ्यापैकी स्थिरावली आहे. मराठीतही ‘हत्तीचिचुंद्री’पेक्षा ‘सेंगी’च बरा, एक चुकीचं नातं तरी टळतं.

नावं देण्याचं काम अजून चालूच आहे. २००८ मध्ये टांझानियाच्या उद्झुंग्वा डोंगरातून सुमारे सातशे ग्रॅम वजनाचा आजवरचा सर्वांत मोठा सेंगी जाहीर झाला, २०१४ मध्ये नामिबियातून तीस ग्रॅमच्याही आतला सर्वांत छोटा. सोमाली सेंगीची नोंद जवळपास पन्नास वर्षं झाली नव्हती. २०१९ मध्ये जिबूतीत शेंगदाण्याचं लोणी, ओट आणि यीस्ट यांचं आमिष लावलेल्या सापळ्यांत तो मिळाला. शेंगदाण्यानं सेंगी सापडावा, हे मराठीत ऐकायला गंमतीचंच. डीएनए तपासल्यावर तो नेहमीच्या प्रजातीत बसेना, म्हणून २०२० मध्ये त्याला नवी प्रजाती मिळाली, ‘गॅलेगीस्का’: अर्धं नाव गेलन रॅथबन यांचं आणि अर्धं ‘गीस्का आफ्रिका’चं, सोमाली भाषेत आफ्रिकेचं शिंग. रॅथबन यांचं २०१९ मध्येच निधन झालं होतं.

सेंगींच्या संवर्धनाचं काम आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाचा आफ्रोथेरिया तज्ज्ञ गट पाहतो. हायरॅक्स, आर्डवार्क, टेनरेक आणि गोल्डन मोल यांची जबाबदारीही त्याच गटाकडे आहे. हत्ती आणि समुद्रगायी त्यांच्याकडे नाहीत. त्यांचे तज्ज्ञ गट वेगळे आहेत.