आल्याचा आठवडा, दोन मिनिटांचा पेला

उंच पेला बर्फाने भरायचा, त्यात 60 मिली व्हिस्की ओतायची, अर्धे लिंबू पिळायचे, वरून 120 मिली जिंजर बिअर हळूच सोडायची आणि लांब चमच्याने तळापासून एकदाच ढवळायचे. दोन मिनिटांत पेय तयार. जोरात ढवळले की बुडबुडे उडून जातात, एवढेच सांभाळायचे. पण हे पेय झटपट होते ते त्यामागे आल्याचा एक संथ आठवडा असतो म्हणून. गेली दहा-बारा वर्षे मी रमलो आहे तो त्या आठवड्यात.

इतिहास थोडक्यात सांगतो. 1940च्या दशकात अमेरिकेत व्होडका, लिंबू आणि जिंजर बिअरचे 'मॉस्को म्यूल' गाजले. व्होडकेच्या जागी बर्बन घातली की ते केंटकी म्यूल, आयरिश व्हिस्की घातली की आयरिश म्यूल. तिकडे ते तांब्याच्या मगात देतात. कल्हई नसलेल्या तांब्यात आंबट ठेवू नये, हे आपल्या स्वयंपाकघरांना फार पूर्वीपासून ठाऊक आहे. म्हणून मी काचेचाच पेला घेतो.

आता आल्याकडे वळतो. जिंजर बिअर मुळात आंबवलेली असते. इंग्लंडमध्ये घरोघरी ती एका विरजणापासून करत. शेजाऱ्याकडून विरजण आणायचे, त्याला रोज साखर आणि आले खाऊ घालायचे, वाढले की दुसऱ्याला द्यायचे. 'जिंजर बिअर प्लांट' नावाचे हे विरजण भिजवलेल्या साबुदाण्यासारखे दिसते. त्यात नेमके काय असते, हे हॅरी मार्शल वॉर्ड या वनस्पतिशास्त्रज्ञाने 1892 साली उलगडले. त्यात यीस्ट आणि जिवाणू एकत्र नांदतात. जिवाणू स्वतःभोवती चिकट वेष्टण करतो आणि यीस्ट त्यात गुरफटून राहते. हाच वॉर्ड त्याआधी सिलोनमध्ये कॉफीच्या पानांवरचा तांबेरा अभ्यासत होता. ज्या रोगाने तिथले कॉफीचे मळे उजाडले आणि चहा आला, तो रोग पाहिलेली नजर पुढे घरगुती पेयाच्या बाटलीवर स्थिरावली. मला या माणसाचे विलक्षण प्रेम वाटते.

ते इंग्रजी विरजण आपल्याकडे सहज मिळत नाही, पण आल्याच्या सालीवर रानटी यीस्ट असतेच. दोन कप उकळून गार केलेल्या पाण्यात रोज चमचाभर सालासकट किसलेले आले आणि चमचाभर साखर घालावी, वर फडके बांधावे. चार-पाच दिवसांत फेस येतो आणि आंबूस वास सुटतो. मग एक लिटर पाण्यात 100 ग्रॅम साखर आणि 100 ग्रॅम आले. त्यातले अर्धे आले उकळावे, उरलेल्याचा रस पाणी गार झाल्यावर घालावा. उकळल्याने आल्याचा तिखटपणा मवाळ होतो आणि सुकवल्याने वाढतो. सुंठ अधिक झोंबते ती त्यामुळेच. एका लिंबाचा रस आणि अर्धा कप विरजण घालून गाळावे आणि वर जागा ठेवून प्लॅस्टिकच्या बाटलीत भरावे. काच नको, दाबाने फुटू शकते. प्लॅस्टिक बोटाने दाबले तर कळते: बाटली घट्ट झाली की लगेच फ्रीजमध्ये. आपल्या हवेत दीड-दोन दिवस पुरतात. यात किंचित मद्यही तयार होते, म्हणून ही बाटली मुलांच्या हाती देऊ नये.

आले जून हवे. साताऱ्याच्या बाजूला मी काढणी पाहायला गेलो होतो. मातीतून निघालेला गड्डा शेतकरीदादांनी मोडला आणि वासाने बांध भरून गेला. "कोवळं चहाला, जून औषधाला," ते म्हणाले. आल्याला बी धरत नाही, गड्ड्याचाच तुकडा बेणे म्हणून लावतात. विरजणाचेही तसेच: मागच्यातले थोडे राखले तरच पुढचे होते.

व्हिस्की कोणती? माझे मत बर्बनला. आतून जाळलेल्या नव्या ओक पिंपात मुरल्याने तिला व्हॅनिलाचा गोडवा येतो आणि तो आल्याला सांभाळून घेतो. गोव्यात कुंकळ्ळीला होणारी सिंगल माल्ट मात्र यात घालू नये, ती नुसती घोट घोट घ्यावी.

दिवाळीनंतरच्या थंडीत पाहुणे यायचे असतील तर विरजण आजच लावा. त्या संध्याकाळी दोन मिनिटेच लागतील.