गर्भपिशवी, बीजांडकोश आणि इस्ट्रोजेन

इस्ट्रोजेन हे मुख्यतः बीजांडकोशात तयार होणारे संप्रेरक आहे. मुलगी वयात येताना स्तनांची आणि गर्भाशयाची वाढ त्याच्यामुळे होते. पुढे दर महिन्याला गर्भाशयाचे अस्तरही तेच तयार करते. अमेरिकेतील एडगर ॲलन आणि एडवर्ड डॉइझी यांनी १९२३ मध्ये त्याचे अस्तित्व प्रयोगाने दाखवले. १९२९ मध्ये डॉइझी आणि जर्मनीचे बुटेनांट यांनी गरोदर स्त्रियांच्या लघवीतून ते स्वतंत्रपणे शुद्ध रूपात वेगळे केले. पाळी सुरू असण्याच्या वयात त्याचा इस्ट्राडायॉल हा सर्वांत प्रभावी प्रकार शरीरात असतो, गरोदरपणात इस्ट्रिऑल वाढते, तर पाळी गेल्यावर चरबीत तयार होणाऱ्या इस्ट्रोनवर भागवावे लागते.

हे संप्रेरक पुरुषांनाही लागते. त्यांच्या शरीरात टेस्टोस्टेरॉनचा काही भाग अरोमाटेज नावाच्या विकरामुळे इस्ट्रोजेनमध्ये बदलतो. १९९४ मध्ये अमेरिकेत एका २८ वर्षांच्या पुरुषाची नोंद झाली. जनुकीय दोषामुळे त्याच्या पेशींवर इस्ट्रोजेनचा परिणामच होत नव्हता. उंची २०४ सेंटिमीटर झाली तरी हाडांची टोके जुळलेली नव्हती, वाढ चालूच होती आणि हाडे मात्र ठिसूळ होती. मुलगा असो वा मुलगी, उंची वाढायची थांबते ती इस्ट्रोजेनमुळे, हे या एका रुग्णामुळे स्पष्ट झाले.

हाडांचे बांधकाम आणि मोडतोड आयुष्यभर चालू असते. मोडतोड करणाऱ्या पेशींना इस्ट्रोजेन आवर घालते. पाळी गेल्यावर तो आवर सुटतो आणि पहिल्या काही वर्षांत झीज सर्वांत वेगाने होते. उतारवयात साध्या पडण्याने मांडीच्या खुब्याचे हाड मोडते, त्यामागे बहुधा हीच झीज असते. रक्तवाहिन्या लवचीक राहणे, योनिमार्गाचा आणि मूत्रमार्गाचा ओलावा टिकणे, मेंदूतील तापमानाचे नियंत्रण सुरळीत चालणे, या साऱ्यांत त्याचा वाटा असतो. अंगातून एकाएकी वाफा निघणे, रात्री घामाने जाग येणे, वारंवार लघवीची जळजळ होणे या तक्रारी त्याच्या कमतरतेतून येतात. घरोघरी त्या ‘वयाचं आहे’ म्हणून सोडून दिल्या जातात.

भारतीय स्त्रियांची पाळी सरासरी ४६–४७ व्या वर्षी जाते. पण बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड कामगार स्त्रियांपैकी अनेकींवर ही वेळ कितीतरी आधी आली. पाळीच्या दिवसांत सुट्टी घेतली तर कोयत्यामागे (म्हणजे एकत्र काम करणाऱ्या नवरा-बायकोच्या जोडीमागे) खाडा धरला जातो, मुकादमाची उचल फेडायची असते आणि फडाजवळ शौचालय नसते. पांढरे जाण्याची किंवा पोटदुखीची तक्रार घेऊन गेलेल्या बाईला ‘पिशवी काढून टाक, कटकट मिटेल’ असा सल्ला मिळतो. २०१९ मध्ये डॉ. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालील सरकारी समितीसाठी ८२,३०९ ऊसतोड स्त्रियांची पाहणी झाली. त्यांतील १३,८६१ जणींची गर्भपिशवी काढलेली आढळली. त्यानंतर जिल्ह्यात अशा शस्त्रक्रियेपूर्वी जिल्हा शल्यचिकित्सकांची परवानगी घेण्याचे बंधन आले.

इथे एक फरक नीट समजून घ्यावा लागतो. नुसती गर्भपिशवी काढली तर पाळी थांबते, पण बीजांडकोश इस्ट्रोजेन बनवत राहतात, फार तर ते थोडे लवकर थकतात. पिशवीबरोबर बीजांडकोशही काढले तर मात्र इस्ट्रोजेनचा मुख्य स्रोत एका दिवसात बंद होतो. पस्तिशीतली बाई हाडांच्या दृष्टीने पन्नाशी ओलांडते, हृदयविकाराचा धोकाही वाढतो. आणि तिला तर उसाच्या मोळ्या डोक्यावर वाहायच्या असतात.

अशा स्त्रियांना, विशेष अडचण नसेल तर, पाळी जाण्याच्या नैसर्गिक वयापर्यंत बाहेरून इस्ट्रोजेन देणे हा मान्य उपचार आहे. गर्भपिशवी शाबूत असेल तर त्यासोबत प्रोजेस्टोजेन द्यावे लागते, कारण नुसत्या इस्ट्रोजेनने अस्तराचा कर्करोग होऊ शकतो. २००२ मध्ये अमेरिकेतील एका मोठ्या चाचणीत या जोडउपचाराने स्तनाच्या कर्करोगाचा धोका वाढल्याचे दिसले आणि जगभर भीती पसरली. त्या चाचणीतील स्त्रियांचे सरासरी वय मात्र ६३ होते. साठीच्या आतल्या, नुकतीच पाळी गेलेल्या आणि त्रास असलेल्या स्त्रियांना बहुधा फायदाच अधिक होतो, असे आता मानले जाते. स्तनाचा कर्करोग झालेल्यांना हा उपचार सहसा देत नाहीत. अनेक गाठी इस्ट्रोजेनवरच पोसतात, आणि टॅमॉक्सिफेन हे औषध त्यांचा तो आधार तोडते.

गर्भपिशवी काढायची ठरलीच, तर संमतीपत्रावर सही किंवा अंगठा करण्यापूर्वी बीजांडकोश ठेवणार की काढणार, हे डॉक्टरांना विचारावे आणि डिस्चार्ज कार्डावर लिहून घ्यावे.